दवाखान्यातली भाषा, शाळेतली भाषा

दर बारा कोसांवर भाषा बदलते, असे आपले वाडवडील सांगत आले आहेत. आपल्या खानदेशात बारा कोस चालायचीही गरज नाही. शिरपूरच्या किंवा चोपड्याच्या बाजारात घटकाभर उभे राहावे. चार तऱ्हेचे बोलणे कानांवर पडते. कापसाच्या गाडीजवळचा शेतकरी अहिराणी बोलतो. सातपुड्यातून उतरलेली पावरा बाई पावरी बोलते. कोणी भिलीत भाव विचारतो. यावल-रावेरकडचा केळीवाला लेवा बोलीत उत्तर देतो. सगळ्यांचा सौदा मात्र ठीक होतो. बाजारात भाषा अडत नाही.

मग ती अडते कुठे?

ती अडते दवाखान्यात आणि शाळेत. बाजारात एखादा शब्द चुकला तर चार आणे जातील. दवाखान्यात शब्द चुकला तर जीव धोक्यात येतो. शाळेत शब्द चुकला तर पोराचे मन शाळेवरून उडते. म्हणून या दोन जागी बोलण्याचे काय होते, ते आज नीट समजून घेऊ.

आपल्या बोली किती?

पूर्वी खानदेश हा एकच जिल्हा होता. १९०६ साली त्याचे दोन भाग झाले. पूर्व खानदेशचे ठाणे जळगावला आणि पश्चिम खानदेशचे धुळ्याला. पुढे १९९८ साली धुळ्यातून नंदुरबार वेगळा झाला. जिल्हे झाले तीन, पण बोली त्याहून जास्त.

२०११ सालच्या जनगणनेत खानदेशी बोलणारे सुमारे साडेअठरा लाख लोक नोंदले गेले. अहिराणी त्यातच आली. मोजणीच्या कागदावर 'मराठी' लिहून देणारे अहिराणी लोकही पुष्कळ. तेव्हा खरा आकडा याहून मोठाच असणार. शिवाय भिली, पावरी, मावची, तडवी भिल्लांची बोली, साक्रीकडची कोकणी बोली आहेतच.

कारभाराची भाषा मराठी. पुस्तकाची भाषा मराठी. तुम्ही हा धडा वाचता तोही मराठीत. ती शिकायलाच हवी. पण तुम्ही ती शिकलात म्हणून घरची बोली हलकी झाली का? मुळीच नाही.

जळगावजवळच्या असोद्याला १८८० साली एक मुलगी जन्मली. तिला लिहिता वाचता येत नव्हते. शेतात राबताना, जात्यावर दळताना ती आपल्या बोलीत ओव्या रचायची. मुलगा सोपानदेव याने त्या उतरवून घेतल्या. १९५१ साली ती वारली आणि १९५२ साली तिच्या कवितांचे पुस्तक निघाले. ती म्हणजे बहिणाबाई चौधरी. आज जळगावच्या विद्यापीठाला तिचे नाव आहे. बोली अडाणी असती, तर तिच्या बोलीतले पुस्तक शिकलेल्या लोकांनी डोक्यावर घेतले असते का?

शब्द तोच, अर्थ निराळा

'ध'चा 'मा' झाला, असे आपण म्हणतो. एका अक्षराने केवढा अनर्थ झाला, ती पेशवाईतली गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. दवाखान्यात असा 'ध'चा 'मा' रोज होऊ शकतो.

समजा, डॉक्टर दूर देशातून आले आहेत. मराठी पुस्तकातून थोडी शिकले आहेत. त्यांनी विचारले, "काय त्रास होतो?" आपण म्हणालो, "पोट चालू आहे." डॉक्टरांना वाटते, पोट नीट चालू आहे, म्हणजे सगळे ठीक! 'पोट चालणे' म्हणजे जुलाब, हे त्यांना कसे कळावे? आणि 'शेतीवर पोट चालते' याचा अर्थ तर आणखी तिसराच.

'हिला दिवस गेले' असे सासू सांगते. पुस्तकी डॉक्टर विचारतो, "किती दिवस गेले?" सून खाली मान घालते. 'बाहेर बसली', 'कावळा शिवला' हे शब्द बायकांना कळतात. नव्या डॉक्टरला ते कोड्यासारखे वाटतात. आपण लाजून आडून बोलतो, आणि आजारही आडच राहतो.

अहिराणीत आणखी एक गंमत आहे. आपण 'ळ'चा 'य' करतो. डोळा म्हणजे डोया. शाळा म्हणजे शाया. गोळी म्हणजे गोई. आजी म्हणते, "मना डोया दुखस." नवी नर्सबाई 'डोया' शब्द शोधत बसते. तिला ही एक खूण कोणी सांगितली असती, तर निम्मी अडचण तिथेच सुटली असती.

तारखेचेही तसेच. डॉक्टर विचारतात, "ताप कधीपासून?" आजी सांगते, "दादा, आखाजीपासून ताप येस." आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया. आजीचा हिशेब पक्का आहे. पण आखाजी कधी झाली, हे डॉक्टरला ठाऊक नसेल, तर तो कागदावर काय लिहिणार? दोन दिवसांचा ताप वेगळा आणि पंधरा दिवसांचा ताप वेगळा. औषधही वेगळे.

आता उलट बाजू बघा. डॉक्टरांचे शब्द आपल्याला फसवतात. तपासणीचा कागद येतो. 'निगेटिव्ह' म्हणजे बहुधा तो आजार सापडला नाही. ही चांगली गोष्ट. 'पॉझिटिव्ह' म्हणजे आजार सापडला. ऐकणाऱ्याला मात्र उलटेच वाटते.

सिकलसेल नावाचा रक्ताचा आजार आहे. आदिवासी भागात तो जास्त दिसतो. 'सिकल' म्हणजे विळा, आपला इया. निरोगी माणसाच्या रक्तातल्या तांबड्या पेशी गोल असतात. या आजारात त्या विळ्यासारख्या वाकड्या होतात आणि बारीक नसांमध्ये अडकतात. म्हणून हातपाय ठणकतात, रक्त कमी होते. काहींच्या अंगात हा दोष असतो, पण ते सहसा आजारी पडत नाहीत. त्यांना सरकारी कागदात 'वाहक' म्हणतात. आता एस.टी.त तिकीट फाडणाराही 'वाहक'च! "तुम्ही वाहक आहात," एवढेच सांगून कोणी निघून गेले, तर माणूस काय समजेल? त्याला असे सांगावे: "तुझ्या रक्तात हा दोष आहे, पण तुला आजार नाही. मात्र तुझ्या बायकोच्या रक्तातही असाच दोष असेल, तर प्रत्येक बाळंतपणात मुलाला आजार होण्याची शक्यता चारात एक असते. म्हणून लग्नाआधी दोघांनी रक्त तपासावे." शब्द साधे झाले की गोष्ट डोक्यात शिरते.

मान हलवली, पण कळले का?

आपली एक सवय आहे. साहेब काही बोलले की आपण "हो, हो" म्हणतो. कळले तरी हो, न कळले तरी हो. मागे रांग असते. परत विचारले तर साहेब रागावतील, असे वाटते. लोक अडाणी म्हणतील, असे वाटते. हा 'हो' फार महाग पडतो.

डॉक्टर म्हणतात, "ही गोळी दिवसातून तीन वेळा, जेवणानंतर." मजुरी करणारा माणूस दोनदाच जेवतो. मग तो तिसरी गोळी रात्री दुसरीबरोबर गिळतो. औषध एकदम जास्त होते. त्याने तिथेच सांगायचे होते, "डॉक्टरसाहेब, मी दोनदाच जेवतो. तिसरी कधी घेऊ?"

नर्सबाई म्हणते, "एक चमचा औषध पाजा." कोणता चमचा? चहाचा की भाजी वाढायचा? औषधाचा चमचा म्हणजे पाच मिलिलिटर. पातळ औषधाच्या बाटलीबरोबर बहुधा छोटे माप येते. त्यावर रेघा असतात. कुठल्या रेघेपर्यंत भरायचे, ते बोट ठेवून दाखवायला सांगावे.

क्षयरोगाचे औषध साधारणपणे सहा महिने घ्यावे लागते. सरकारी दवाखान्यात ते फुकट मिळते. दोन महिन्यांत खोकला थांबतो. माणूस म्हणतो, बरा झालो. औषध सोडतो. रोगाचे जंतू मात्र मेलेले नसतात. ते पुन्हा उठतात, आणि मग साध्या औषधाला दाद देत नाहीत. "खोकला थांबला तरी औषध थांबवू नको," हे एक वाक्य रोग्याच्या बोलीत सांगितले गेले, तर घर वाचते.

गरोदर बाईला लोहाच्या गोळ्या देतात. त्यांनी शौचाला काळे होते. बाई घाबरते. म्हातारी माणसे म्हणतात, पोर काळे होईल. गोळ्या उकिरड्यावर जातात. काळे होणे हा गोळीतल्या लोहाचा परिणाम. बाळाच्या रंगाशी त्याचा संबंध नाही. हे आधीच सांगितले, तर गोळ्या पोटात जातात आणि रक्त वाढते.

आणि जुलाबाचे काय? पुष्कळ घरी म्हणतात, पोराचे पोट चालू आहे, पाणी बंद करा. हे फार घातक आहे. जुलाबात अंगातले पाणी आणि मीठ निघून जाते. ते भरून काढायचे असते. त्यासाठी मीठ-साखरेची पुडी दवाखान्यात आणि आशाताईकडे मिळते. तिला ओ.आर.एस. म्हणतात. पुडी किती पाण्यात घालायची, ते पुडीवर लिहिलेले असते. मोठी पुडी एक लिटर पाण्याची, लहान त्याहून कमी पाण्याची. आता तुम्हाला वाचता येते. वाचून मगच मिसळा. पुडी नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात चहाचे सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ घाला. घोटघोट पाजा. अंगावरचे दूध चालू ठेवा. झिंकची गोळी चौदा दिवस द्यायला सांगतात. जुलाब थांबले तरी ती पुरी करा. डोळे खोल गेले, पोर मलूल झाले, लघवी होईना, किंवा शौचातून रक्त आले, तर क्षणभर थांबू नका. १०८ या फोनवर गाडी मागवा.

डॉक्टरांनीही शिकायचे

सगळे आपणच शिकायचे का? नाही. टाळी एका हाताने वाजत नाही.

गडचिरोली जिल्ह्यात हेमलकसा नावाचे गाव आहे. घनदाट जंगल. तिथे माडिया गोंड लोक राहतात. १९७३ साली बाबा आमटे यांनी तिथे लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला. डॉ. प्रकाश आमटे आणि डॉ. मंदाकिनी आमटे तिथे जाऊन राहिले. डॉक्टरांना माडिया येत नव्हती आणि लोकांना मराठी येत नव्हती. मग डॉक्टर लोकांची भाषा शिकू लागले. एकेक शब्द कानांनी टिपला. भाषा जुळली, विश्वास बसला, आणि लोक दूरदूरच्या पाड्यांवरून चालत दवाखान्यात येऊ लागले. १९७६ साली तिथे शाळाही निघाली.

त्याच जिल्ह्यात डॉ. अभय बंग आणि डॉ. राणी बंग यांनी १९८६ साली काम सुरू केले. दवाखाना कसा असावा, हे त्यांनी आदिवासींनाच विचारले. रोग्याबरोबर सगळे घर येते, त्यांनी राहावे कुठे? म्हणून झोपड्यांसारखी घरे बांधली. दवाखान्याला दंतेश्वरी देवीचे नाव दिले. लोकांना ते आपले वाटू लागले. मग गावातल्याच बायकांना त्यांनी शिकवले. नव्या बाळाचे वजन कसे करायचे, त्याला ऊब कशी द्यायची, दम लागला तर काय करायचे, हे त्या शिकल्या. त्या गावातल्याच, त्यामुळे बोली तीच, नातीही तीच. ३९ गावांत हे काम झाले, आणि महिन्याच्या आत दगावणाऱ्या बाळांचे प्रमाण तिसऱ्या वर्षी निम्म्याहून खाली आले. १९९९ साली ही हकिकत डॉक्टरांच्या एका जगप्रसिद्ध मासिकात छापली गेली.

औषध तेच होते. फरक हा की ते सांगणारे तोंड ओळखीचे होते.

२००५ सालापासून गावोगाव आशाताई नेमल्या जातात. हजार वस्तीमागे एक, आणि डोंगरी आदिवासी भागात त्याहून कमी वस्तीलाही एक. ती त्याच गावची असावी, असा नियम आहे. नियम उगीच केलेला नाही. तिने गावाच्या बोलीत बोलावे, हाच त्याचा हेतू. २०११ सालापासून ती नव्या बाळाच्या घरीही जाते. दवाखान्यात बाळंतपण झाले तर सहा वेळा, घरी झाले तर सात वेळा.

शिकाऊ डॉक्टरांसाठीही नियम आहे. जळगावला २०१८ साली सरकारी वैद्यकीय महाविद्यालय निघाले. धुळ्याचे त्याहून जुने. तिथे परप्रांतांतूनही मुले शिकायला येतात. २०१९ सालापासून डॉक्टरीच्या पहिल्याच महिन्यात मुलांना त्या भागाची भाषा शिकवतात. हे चांगले झाले. पण त्या भागाची भाषा म्हणजे नुसती पुस्तकी मराठी नव्हे. धुळ्याच्या डॉक्टरला 'डोया' आणि 'आखाजी' कळले पाहिजे. चोपड्याच्या डॉक्टरला पावरीतले दहा-वीस शब्द आले पाहिजेत. "माय, काय व्हस तुले?" एवढे जरी डॉक्टर म्हणाला, तरी म्हातारीची निम्मी भीती पळते.

आणि नुसती भाषाच नव्हे, रीतही जाणून घ्यावी. होळीच्या आधी सातपुड्यात भोंगऱ्या बाजार भरतात. त्या दिवशी पाड्यावर कोण सापडणार? डोस पाजायचे शिबिर बाजारातच भरवावे. दिवाळीनंतर कितीतरी कुटुंबे ऊसतोडीला गुजरातेत जातात. त्यांची औषधे आणि कागद जाण्याआधीच हातात द्यावे. भगताकडे गेलेल्या माणसाला डॉक्टर रागे भरला, तर तो पुढच्या वेळी लपवतो. रागे न भरता विचारले, तर खरे सांगतो. आपणही लपवू नये. झाडपाला घेतला असेल तर तो कोणता, ते सांगावे. मात्र एक गोष्ट पक्की ध्यानात ठेवा. साप चावला तर भगताकडे वेळ घालवू नका. त्यावरची लस सरकारी दवाखान्यात मिळते. तडक तिथेच जा.

शाळेत काय होते?

आता शाळेकडे वळू. सहा वर्षांचे पोर पहिल्यांदा शाळेत जाते. घरी ते 'माय' म्हणते, पुस्तकात 'आई' असते. घरी 'आंडोर', पुस्तकात 'मुलगा'. घरी 'मी जास', पुस्तकात 'मी जातो'. गुरुजी फळ्याकडे बोट दाखवून विचारतात, "हे काय?" पोर म्हणते, "फया." वर्ग हसतो. गुरुजी म्हणतात, "चूक!"

पोराने काय चूक केली? त्याला फळा ओळखता आला. नाव फक्त घरचे सांगितले. पण पोर मनाशी धरते, आपल्याला काही येत नाही. दुसऱ्या दिवसापासून ते तोंड उघडत नाही. लोक म्हणतात, पोर मठ्ठ आहे. मग ते गुरे वळायला जाते. अहिराणी निदान मराठीच्या जवळची. पावरा किंवा भिल्ल पोराला तर पहिलीचे पुस्तक परक्या मुलखासारखे वाटते.

शहाणे गुरुजी काय म्हणतील? "शाबास! घरी म्हणतात फया, पुस्तकात म्हणतात फळा. आता सांग, शायाला पुस्तकात काय म्हणत असतील?" पोर हसत म्हणेल, "शाळा!" मग डोया, केये, गोई, सगळे शब्द ते आपणच बदलून दाखवील. घरची बोली हा पूल आहे. पूल तोडला तर पोर पलीकडे कसे जाणार?

हे काम आपल्या महाराष्ट्रात फार पूर्वी झाले आहे. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ साली बोर्डीला खेड्यातल्या मुलांसाठी काम मांडले. पुढे १९५७ साली त्या कोसबाडच्या टेकडीवर गेल्या. तिथे वारली मुले. मुले शाळेत येत नाहीत, हे पाहून शाळाच त्यांच्या अंगणात नेली. अंगणवाडी ती हीच. पोरे गुरे चारायला जातात, म्हणून शाळा कुरणात नेली. तिला कुरणशाळा म्हणत. दगड, पाने, बिया, शिंपले हीच पाटी आणि हीच पुस्तके. मुलांना न हसता, त्यांच्या जगातून त्यांना पुढे नेले.

कायदाही आपल्या बाजूचा आहे. १९५६ साली राज्यघटनेत ३५० अ हे कलम घातले गेले. भाषेने थोडके असलेल्या लोकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेत मिळण्याची सोय राज्याने करावी, असे ते सांगते. २००९ साली शिक्षणहक्काचा कायदा झाला. शक्य तितके शिक्षण मुलाच्या मातृभाषेत द्यावे, असे त्यातही आहे. २०२० सालचे शिक्षणाचे धोरण म्हणते, निदान पाचवीपर्यंत घरची भाषा वापरावी. युनेस्को या जगाच्या संस्थेने तर १९५३ सालीच हा सल्ला दिला होता. पण कायदा कागदावर असतो. तो वर्गात उतरवायला गुरुजी हवेत आणि विचारणारे पालकही हवेत.

काही आईबाप म्हणतात, "घरी अहिराणी बोलू नका, पोर मागे पडेल." ही समजूत बरोबर नाही. ज्याची घरची भाषा पक्की, त्याला दुसरी भाषा लवकर येते. दोन विहिरी असलेला शेतकरी एका विहिरीवाल्यापेक्षा श्रीमंत. तुमचे पोर मराठी शिकेल, हिंदी शिकेल, इंग्रजीही शिकेल. पण आजीची गोष्ट आजीच्याच बोलीत ऐकू द्या.

आपण काय करावे?

दवाखान्यात जाताना या गोष्टी पाळा.

१. आधी घरी ठरवा. काय होते, कुठे होते, कधीपासून होते. सण आठवत असेल तर त्याची तारीख पंचांगात पाहून कागदावर लिहून न्या.

२. जुनी औषधे आणि जुने कागद बरोबर घ्या. औषधाचे नाव सांगता आले नाही, तरी बाटली दाखवता येते.

३. मराठी नीट येत नसेल तर आपल्या बोलीत सांगा. दुखते तिथे बोट ठेवा. आशाताईला बरोबर न्या. लहान पोराला दुभाषी करू नका. आईचे दुखणे पोराच्या तोंडून नीट सांगितले जात नाही, आणि ते त्याला सांगायला लावूही नये.

४. बायकांचे दुखणे असेल तर नर्सबाईला एकीकडे बोलावून सांगा. सासऱ्यासमोर, दिरासमोर बोलायची वेळ येऊ देऊ नका.

५. कळले नाही तर मान हलवू नका. म्हणा, "माले समजनं नही, परत सांगा." यात लाज नाही.

६. निघण्याआधी ऐकलेले बोलून दाखवा. "साहेब, ही पांढरी गोळी सकाळी एक, रात्री एक, पाच दिवस. बरोबर ना?" चूक असेल तर तिथेच सुधारते. हा सगळ्यांत मोठा उपाय आहे, आणि त्याला पैसा लागत नाही.

७. शस्त्रक्रियेच्या कागदावर न समजता सही किंवा अंगठा देऊ नका. काय करणार, का करणार, धोका काय, हे समजेल अशा भाषेत विचारा. राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाने २०१८ साली रोग्यांच्या सतरा हक्कांची यादी केली. आजाराची माहिती मिळणे हा त्यातला हक्क आहे. तो उपकार नव्हे.

शाळेसाठीही दोन गोष्टी करा. पालकांच्या सभेला जा आणि गुरुजींना गावची बोली सांगा. गुरुजी परगावचे असतील, तर त्यांना शंभर शब्दांची वही करून द्या. एका बाजूला आपला शब्द, दुसऱ्या बाजूला पुस्तकाचा. अशीच वही दवाखान्यालाही द्या. डोके, छाती, कंबर, कळ, उलटी, चक्कर, काल, परवा, सणांची नावे, एवढे शब्द पुरेत. हे काम मोठ्या पंडिताचे नाही. तुम्ही लिहायला शिकलात. ही वही तुम्हीच लिहू शकता. गावातली म्हातारी माणसे शब्द सांगतील, तुम्ही उतरवा. बहिणाबाईच्या ओव्या तिच्या मुलाने अशाच उतरवल्या होत्या.

डॉक्टर शिकलेला, मास्तर शिकलेला. पण आपल्या दुखण्याचे खरे शब्द आपल्याजवळ आहेत, आणि आपल्या पोराच्या मनाची किल्लीही आपल्याचजवळ आहे. ती त्यांच्या हाती देणे आपले काम. ती आदराने घेणे त्यांचे काम.

विचार करा आणि सांगा

१. तुमच्या गावात किती बोली बोलतात? त्यांची नावे लिहा.
२. 'पोट चालणे' याचे दोन अर्थ कोणते?
३. औषध घेऊन निघण्याआधी काय करावे?
४. कुरणशाळा कोणासाठी काढली?
५. दुखण्याचे दहा शब्द तुमच्या बोलीत लिहा. शेजारी पुस्तकातले शब्द लिहा.